दहा गुंठ्यांची अट

आयर्लंडमधल्या १८४५ नंतरच्या मोठ्या दुष्काळाबद्दल "बटाट्यावर रोग पडला, त्याला सरकार तरी काय करणार" असं म्हटलं जातं, ते अर्धंच खरं आहे. रोग १८४५ ला आला, युरोपात इतरत्रही आला, ते मान्य. पण आयर्लंडमधली माणसं जमिनीवरून कशी उठली ते बघायचं तर १८४७ चा गरीब-मदतीचा कायदा बघा, त्यात विल्यम ग्रेगरी या ब्रिटिश संसदेतल्या खासदाराने एक कलम घालून घेतलं की पाव एकराहून जास्त जमीन कसणाऱ्याला सरकारी मदत नाही. पाव एकर म्हणजे आपले दहा गुंठे! म्हणजे पोरं उपाशी आहेत, मदत हवी, तर आधी जमीन सोड आणि मग ये, आणि एकदा सोडली की परत कुठली मिळतेय.

त्यात अजून एक गोष्ट. ज्या कुळाच्या जमिनीचं मूल्यांकन चार पौंड किंवा कमी, त्याचा गरीब-कर, म्हणजे गरिबांच्या मदतीसाठीचा कर, जमीनदाराने भरायचा असा नियम होता, त्यामुळे लहान कुळं जितकी जास्त तितका बोजा जास्त, मग त्यांना हुसकावून घरं पाडणंच मालकाला परवडायचं. १८४१ ला लोकसंख्या ८२ लाखांच्या आसपास होती, १८५१ ला ६५ लाखांवर आली, काही मेले, काही बोटीत बसून गेले. हे सगळं नुसत्या रोगाच्या नावावर टाकणं मला तरी पटत नाही.