कोंबडीच्या ‘क्रॉप’ला मराठीत काय म्हणावे?

नदीकाठ
परसातील कोंबड्या पाळणाऱ्या बचत गटांसाठी केलेले एका इंग्रजी पुस्तिकेचे भाषांतर माझ्याकडे तपासणीसाठी आले आहे. कोंबडीच्या मानेच्या तळाशी, किंचित उजवीकडे, अन्ननलिका फुगून जी पिशवी होते तिला इंग्रजीत ‘क्रॉप’ म्हणतात. भाषांतरात तिचे सरसकट ‘पीक’ झाले असून, ‘सकाळी दाणे टाकण्यापूर्वी पीक रिकामे आहे ना, हे चाचपून पाहावे’ आणि ‘आंबट पिकाला दुर्गंधी येते’ अशी वाक्ये छपाईच्या वाटेवर आहेत. मी ‘अन्नपुट’ सुचवला, तेव्हा गटाच्या समन्वयक ताईंनी विचारले की, हा शब्द वाचून बायका हात नेमका कुठे लावतील? आपण कोणता शब्द वापराल?

शब्दकुतूहल
‘अन्नपुट’ निःसंशय योग्य आहे. झुरळाची पचनसंस्था शिकताना आपण सर्वांनीच ‘अन्नपुट’ आणि ‘पेषणी’ हे शब्द पाठ केले आहेत. ‘पुट’ म्हणजे पोकळ, द्रोणासारखा भाग. नाकपुडी आणि पुडी याच घराण्यातल्या. ‘पेषणी’ दळणाऱ्या धातूवरून आली आणि आपले पीठही त्याच ‘पिष्ट’चे रूप आहे. कोंबडीने गिळलेले बारीक खडे याच अवयवात दाणे भरडतात, हे लक्षात घेतले तर यापेक्षा चपखल शब्द सापडणार नाही.

उंबरठा
व्युत्पत्ती सुंदर आहे, परंतु ती खुराड्यापर्यंत पोहोचत नाही. माझी आजी संध्याकाळी कोंबड्या डालताना प्रत्येकीच्या गळ्याखाली बोटे फिरवून ‘हिचा गळा भरलाय’ किंवा ‘ही उपाशी आहे’ असे सांगत असे, आणि तिला अन्नपुट ठाऊक असण्याचे काही कारण नव्हते. चिकनच्या दुकानात आपण ‘कलेजी-पेटा’ मागतो; ‘अर्धा किलो पेषणी द्या’ म्हणणारा गिऱ्हाईक मला अजून भेटायचा आहे.

शब्दकुतूहल
आपण दोन अवयवांची गल्लत करीत आहात. पेटा म्हणजे पेषणी. क्रॉप दुकानदार फेकून देतो, म्हणून त्याला बाजारात नावच उरलेले नाही. ‘गळा’ म्हटल्यास श्वासनलिकाही त्यातच आली, आणि औषध पाजताना ते अन्ननलिकेत जावे की श्वासनलिकेत हा जीवनमरणाचा फरक आहे. जाता जाता सांगतो, जुन्या इंग्रजीत पक्ष्याची ही पिशवी आणि रोपाचा शेंडा या दोहोंसाठी एकच शब्द होता व त्याचाच अर्थ पुढे पिकापर्यंत गेला. म्हणजे भाषांतरकार चुकला खरा, पण चुलत घरात शिरला.

गुरांचा दवाखाना
मी निवृत्त पशुवैद्य आहे. अवयवाला काहीही म्हणा. माझ्या मते तक्रारींची नावे स्पष्ट हवीत. पिशवी तुंबते, आंबते किंवा लोंबते, आणि या तीन क्रियापदांनी माझे काम आजवर भागले आहे. लांब गवत, सुतळी किंवा प्लास्टिक अडकले की ती तुंबते आणि रात्रभर दाणे न मिळताही सकाळी मळलेल्या कणकेसारखी घट्ट लागते. आंबते तेव्हा ती पाणी भरल्यासारखी मऊ लागते व चोचीतून आंबूस वास येतो; हे बहुधा कँडिडा नावाच्या बुरशीमुळे होते आणि प्रतिजैविके फार दिल्यानंतर अधिक दिसते. स्नायू सैलावले की ती लोंबते आणि पुरती रिकामी होतच नाही. पुस्तिकेत कोंबडी उलटी धरून पिशवी पिळण्याचा सल्ला असेल, तर तो शब्दासकट काढून टाकावा, कारण ते पाणी फुप्फुसात जाऊन कोंबडी हातातच मरते.
आणखी एक गोष्ट. मानमोडी या कोंबड्यांच्या साथीच्या रोगातही पिशवीत आंबूस पाणी साचते, जोडीला हिरवट हगवण असते. तेव्हा एकाच वेळी अनेक कोंबड्या मलूल दिसल्या, तर ‘आंबलेली पिशवी’ म्हणून घरगुती उपाय करीत बसू नये.

उंबरठा
मानमोडी म्हणजे राणीखेतच ना? हा रोग मान वाकडी करतो म्हणून हे नाव पडले, हे किती सरळ आहे! लोकांचा शब्द स्वतःच रोगाचे लक्षण सांगतो.

शब्दकुतूहल
सांगतो, म्हणूनच फसवतो. 1918 च्या इन्फ्लुएंझालाही महाराष्ट्राने मानमोडीच म्हटले होते. साथ दिसली की मान मोडायची, एवढेच आपले रोगनिदान.

गुरांचा दवाखाना
व्यवहारात अडचण निराळीच आहे. मान प्रत्येक कोंबडीची वाकडी होत नाही आणि झाली तर बहुधा उशिरा होते. पण मालक नाव ऐकून मानेकडेच पाहत राहतो आणि तोवर खुराडे रिकामे होते. याच रोगावर पिलांना पहिल्या आठवड्यात देतात त्या लासोटा लसीला मात्र कोणी लोकशब्द शोधला नाही, तिला सगळे लासोटाच म्हणतात.

नदीकाठ
आपणा सर्वांचे आभार. तुंबणे, आंबणे आणि लोंबणे हे तिन्ही मी घेतले. नामाच्या जागी तूर्त ‘गळ्याखालची पिशवी’ लिहून बाजूला चित्र टाकते आहे.

शब्दकुतूहल
माझा विरोध नोंदवून ठेवावा. कबुतरे आपल्या पिलांना पहिले काही दिवस याच अवयवात तयार होणारे दूध भरवतात, आणि ते नर व मादी दोघेही भरवतात. पुस्तिकेच्या पुढच्या भागात कबुतरे आली तर त्याला आपण काय म्हणणार, पिशवीचे दूध?

उंबरठा
आमच्या घरी रोज सकाळी सहाला येते.