विषय: गावी मारामारीची केस, अटकपूर्व जामीन इथून होतो का?

नमस्कार मंडळी,
मंडळाच्या लिस्टवर असला विषय काढतोय, सांभाळून घ्या. दिवाळीत गावी होतो तेव्हा बांधावरून चुलत्यांशी जुंपली, काठ्या निघाल्या आणि चुलतभावाच्या डोक्याला टाके पडले. मी मोबाईलवर शूटिंग करत होतो, बाकी काही नाही. आता मी इकडे न्यू जर्सीत आणि तिकडे एफआयआरमध्ये थोरल्या भावासोबत माझं पण नाव. भारतीय न्याय संहितेची (बीएनएस) कलमं ११८(१), ११५(२), ३५२ सह ३(५). हजर राहा म्हणून व्हॉट्सॲपवर नोटीस आलीय. मार्चमध्ये आईच्या ऑपरेशनला जायचंय. काय करू?

---

दादा, घाबरू नका पण निवांतही बसू नका. इकडे यायच्या आधी मी तिकडे फौजदारी वकिलीच करायचे, म्हणून लिहिते.

११८(१) म्हणजे आपलं जुन्या आयपीसीचं (भारतीय दंड संहितेचं) ३२४, घातक हत्याराने दुखापत, तीन वर्षांपर्यंत शिक्षा आणि अजामीनपात्र. बाकीची किरकोळ, ३(५) म्हणजे सगळ्यांचा मिळून एकच इरादा होता म्हणून सगळेच जबाबदार. गंमत बघा, नुसत्या बुक्कीने कुणाचं हाड मोडलं तर ११७(२), सात वर्षांपर्यंत शिक्षा असून जामीनपात्र, आणि कोयत्याने साधी जखम झाली तरी ११८(१), तिथे जामीन मागत फिरायचं! अटकपूर्वचा अर्ज जुन्या ४३८ ऐवजी आता बीएनएसएसच्या (फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा) ४८२ खाली, आणि आधी सेशन्स कोर्टातच टाका.

सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यात उठसूट अटक नको हे सुप्रीम कोर्टाने २०१४ ला अर्णेश कुमार केसमध्ये सांगितलंय, हजर राहायची नोटीस बीएनएसएसच्या ३५(३) ची असते आणि ती व्हॉट्सॲपवर चालत नाही हे जानेवारी २०२५ मध्ये. पण म्हणून नंबर ब्लॉक करून बसू नका, वकिलामार्फत लेखी उत्तर द्या, आयओला (तपास अधिकाऱ्याला) कळू दे की माणूस पळालेला नाही.

खरी भीती कलमवाढीची. डोक्याचा मार आहे, सीटी स्कॅनमध्ये फ्रॅक्चर निघालं की ११८(२), तिथे जन्मठेपेपर्यंत जातं, आणि फिर्यादीने जोर लावला तर १०९, म्हणजे जुनं ३०७. मग सरकारी वकील म्हणणार काठी जप्त करायचीय, कस्टडी द्या. म्हणून मेडिकल सर्टिफिकेटमध्ये काय आहे ते आधी काढा, आणि भावाचा न् तुमचा अर्ज वेगळा करा, तुमच्या हातात काठी नव्हती हा तुमचा मुद्दा त्याच्या अर्जात बुडून जाईल. व्हिडिओ आहे त्या फोनमध्ये तसाच ठेवा, कापाकापी नको. आणि वकिलाला द्यायच्या आधी स्वतः आवाजासकट ऐका, त्यात "हाण त्याला" असं तुमच्याच तोंडचं निघालं तर ३(५) तुमच्याच गळ्यात.

---

ताई, मधे बोलतो. अँटिसिपेटरी, म्हणजे अटकपूर्व जामीन, महिनाभरच चालते ना, मग परत रेग्युलर बेल (नेहमीचा जामीन) घ्यायची? आमच्या मेव्हण्याचं तसंच झालेलं.

---

काका, तो काळ गेला. २०२० मध्ये सुशीला अगरवाल केसमध्ये पाच न्यायाधीशांनी सांगितलं की साधारणपणे त्याला मुदत नसते, खटला संपेपर्यंत चालू शकतो. मात्र मोठं कलम वाढलं तर नव्याने झगडावं लागतं, पोलीस कोर्टाकडून अटकेची परवानगी मागू शकतात.

---

ताई, आभार. आणि इथून अर्ज चालतो का? पासपोर्ट जमा करायला लावला तर माझ्या नोकरीचं काय?

---

अर्ज परदेशातून करता येतो, केरळ हायकोर्टाने २०२२ मध्ये तसं म्हटलंय, फक्त अंतिम सुनावणीला माणूस भारतात असावा अशी त्यांची अपेक्षा होती. म्हणजे अंतरिम संरक्षण मिळालं की मगच तिकीट काढा, नाहीतर लुकआउट सर्क्युलर (विमानतळावर अडवायची सूचना) निघालेलं असलं तर विमानतळावरच अडकाल न् आईचं ऑपरेशन राहील बाजूला. परवानगीशिवाय देश सोडायचा नाही ही अट कोर्ट घालू शकतं, ती कायद्यातच लिहिलीय. तेव्हा नोकरीचं पत्र आणि परतीची तारीख पहिल्याच अर्जाला जोडा, नंतर परवानगीसाठी वेगळा अर्ज टाकला की त्यावर सरकारी वकिलाचा से (लेखी म्हणणं) यायलाच किती तारखा जातील सांगता येत नाही.