मदत हवी आहे: बाबांच्या नाडीचं रेकॉर्ड जुन्या फ्लॉपीत अडकलंय

बाबा ७९ वर्षांचे. परवा तपासणीत पल्स ४८ आली, चक्कर वगैरे काही नाही, तर डॉक्टरांनी विचारलं की पहिल्यापासूनच कमी आहे की आत्ता झाली? बाबा लगेच, "माझ्याकडे रेकॉर्ड आहे."

आणि खरंच आहे! ऑफिसच्या पीसीवर जेवणाच्या सुट्टीत लोटस वन-टू-थ्रीमध्ये (एक्सेलसारखा जुना प्रोग्राम) रोजचं वजन, पल्स, पर्वतीच्या फेऱ्या असं सगळं भरायचे. एचएमटीच्या सेकंदकाट्यावर १५ सेकंद नाडी मोजायची, पुढच्या रकान्यात फॉर्म्युला गुणिले ४. (आई म्हणते वजन लिहायचे, श्रीखंड नाही लिहायचे.)

एक फाइल साडेतीन इंचीवर होती ती मिळाली, एक्सेल घेत नाही पण लिब्रऑफिसमध्ये उघडली, मात्र तारखेच्या जागी ३३९७०, ३३९७१ असले आकडे दिसतायत. बाकीच्या सात फ्लॉप्या सव्वापाच इंची, त्या वाचायच्या कशा? आणि एक रकाना नुसता 'एस' आहे, त्यात कधी ३ कधी ५, बाबा म्हणतात आठवत नाही.

प्रतिसाद:
ते दिवसांचे आकडे आहेत, १९०० पासून मोजलेले. रकाना सिलेक्ट करून फॉरमॅट डेट करा. ३३९७० म्हणजे १ जानेवारी १९९३, नवीन वर्षाचा संकल्प दिसतोय :)

प्रतिसाद:
सव्वापाचला साडेतीनसारखा सरळ यूएसबीवाला ड्राइव्ह मिळत नाही. जुना ड्राइव्ह शोधा आणि ग्रीसवीझल नावाचं बोर्ड घ्या, ते मधे लावून पीसीला जोडता येतं. आधी फ्लॉपीच्या बाजूच्या खाचेवर चिकटपट्टी लावा म्हणजे चुकून काही लिहिलं जाणार नाही, आणि बुरशी दिसली तर ड्राइव्हमध्ये घालूच नका, हेडची वाट लागते.

प्रतिसाद:
१९८६ ला प्यूमाने टाचेत पळणं मोजणारा सेन्सर असलेला बूट काढला होता, पळून आलं की वायरने ॲपल टू-ई नाहीतर कमोडोर ६४ कॉम्प्युटरला जोडायचा. तुमच्या बाबांनी नुसत्या बोटावर भागवलं, भारीच. फक्त डॉक्टरांना सांगा की १५ सेकंदांचा हिशोब आहे, एक ठोका चुकला तरी ४ चा फरक पडतो.

धागाकर्ता:
तारखा आल्या!! ९३ सालीसुद्धा पल्स ५२-५६च आहे, प्रिंट काढून डॉक्टरांना देतोय. एसचा पण उलगडा झाला, सिगारेट. आईच्या माहितीनुसार त्या ९१ साली सुटल्या होत्या. उरलेल्या सात फ्लॉप्यांची बाबांना आता अजिबात घाई नाहीये.