पदवी नाही म्हणून इतिहासकार नाही?

'लोकांसाठी चरित्रं लिहिणारे म्हणजे वाचून रचणारे, विद्यापीठात शिकलेले तेवढे इतिहासकार' हे या चर्चेतलं तुमचं म्हणणं अर्धंच पटलं. चरित्रकार धनंजय कीरांचं उदाहरण अजून कुणी काढलं नाही, म्हणून लिहितो. रत्नागिरीचा माणूस, शिक्षण मॅट्रिकपर्यंत, पोटासाठी मुंबई महापालिकेत नोकरी. लेखन नोकरी सांभाळून. सावरकरांचं चरित्र १९५० साली आलं, आंबेडकरांचं १९५४ साली, दोन्ही इंग्रजीत. बाबासाहेब गेले ते डिसेंबर १९५६ मध्ये. म्हणजे ज्याच्यावर लिहिलं तो माणूस हयात, आणि तोही असा की चूक सापडली तर सोडणार नाही! ही जोखीम कुठल्या प्रबंधात असते? पुढे १९७१ साली पद्मभूषण मिळालं.

कीर नायकाच्या बाजूला झुकतात, हे मात्र मान्य. तिथे तुमचा मुद्दा बरोबर आहे.

पण 'नुसतं वाचून रचणं' म्हणाल तर एकदा करून बघा. गिरणी संपावर एक छोटा लेख लिहायला घेतला होता, तर एका तारखेपायी माझे तीन शनिवार गेले. जुन्या वर्तमानपत्रांची फाईल उघडली की कडा हातात येतात, पान उलटताना श्वास धरायचा. घरी जायला लोकलमध्ये बसल्यावर बघितलं तर शर्टावर पिवळा चुरा. आणि तारीख शेवटी मिळाली ती तिसऱ्याच बातमीत, नाटकाच्या जाहिरातीशेजारी. ऑफिसातून दमून आल्यावर हे वर्षानुवर्षं करायचं म्हणजे...