मदत हवी आहे: ओपनटीटीडी या वाहतूक कंपनी चालवायच्या संगणक खेळात कंपनीच्या कामगिरीचे 1000 पैकी 1000 गुण कसे गाठायचे?

समशीतोष्ण नकाशा. कर्ज फिटलंय, शिल्लक 1 कोटी पौंडांवर आहे. चार तिमाहींत 40,000 युनिट माल (एकट्या याचे 400 गुण!) कोळशाच्या आणि तेलाच्या आगगाड्या आरामात पोचवतात. घोडं अडलंय किमान नफ्यावर.

दोन वर्षांहून जुन्या वाहनांत सर्वांत कमी कमावणाऱ्याने वर्षाला 10,000 पौंड मिळवले, तरच पूर्ण 100 गुण. पण वाहनसंख्येच्या गुणांसाठी लागणारी नफ्यातली 120 वाहनं भरायला गावात बस सोडल्या, की त्या दोन-तीन हजारांवरच रखडतात आणि एक मरतुकडी बस सगळा आकडा खाली ओढते. स्थानकांच्या संख्येच्या गुणांचं सोपं आहे: एकाच स्थानकाला फलाट आणि बसथांबा जोडला, दोन्ही वापरात ठेवले, की दोन मोजले जातात.

बस दोन वर्षांच्या आत विकून नवी घेतली, तर ती किमान नफ्यात धरली जात नाही. मात्र नवीला गेल्या वर्षीचा नफा नसल्याने ती 120 मध्येही येत नाही.

मग बस टप्प्याटप्प्याने बदलायच्या, की त्या काढून लांबच्या शहरांमध्ये विमानं लावायची? डीफॉल्ट सेटिंगला एका शहरात दोनच विमानतळ मिळतात, आणि छोट्या विमानतळावर जेट कोसळण्याचा धोका जास्त. की कोळशाच्याच छोट्या गाड्या वाढवाव्यात? सिग्नलवर खोळंबा न होता हे कुणी जमवलं असेल, तर मार्गाची लांबी आणि डब्यांची संख्या सांगा.