मदत हवी आहे: स्केटबोर्डवरून 'अपघात' खोटा ठरवता येईल का?

नमस्कार मंडळी. किशोरांसाठी रहस्यकथा लिहितेय आणि एका जागी अडलेय.

नायिका १५ वर्षांची, स्केटबोर्ड तिचा जीव की प्राण. तिचा मित्र पायऱ्यांच्या तळाशी मृत सापडतो, शेजारी त्याचा बोर्ड. उडी चुकली, डोकं आपटलं, असं सगळे धरून चालतात. हिला पटत नाही, कारण बोर्डाची चाकं. पायऱ्यांवरून उडी मारणारे सहसा ५२-५४ मिलिमीटरची, ९९ए च्या आसपासची कडक चाकं लावतात ('ए' हे चाकाच्या कडकपणाचं माप, आकडा जितका मोठा तितकं चाक कडक). या बोर्डाला मात्र ६० मिलिमीटरची, ७८ए ची मऊ चाकं आहेत, नुसतं रस्त्याने फिरायला बरी. ती अंगठ्याने चाक फिरवून बघते आणि तिथेच थबकते. हा प्रसंग मला फार जवळचा वाटतो.

स्केटिंग करणाऱ्यांनो, एवढ्यावरून तुम्हाला संशय येईल का? की 'घाईत दुसरा बोर्ड उचलला असेल' म्हणाल?

दुसरा प्रश्न डॉक्टरांना. मृत्यूनंतर रक्त खालच्या बाजूला साचून डाग पडतात आणि साधारण ८ ते १२ तासांत ते पक्के होतात, एवढं वाचलंय. मृतदेह उताणा आणि डाग पोटावर, तर तो नंतर हलवला असं म्हणता येईल ना? पण हे त्या मुलीला कळावं कसं? शवविच्छेदनाचा अहवाल तिच्या हाती आयता पडायला नको. मित्राच्या आईकडून कळलं तर खरं वाटेल का?

मुलांना चुकीचं काही सांगायचं नाहीये, म्हणून स्पष्ट सांगा.