मदत हवी आहे : भाडेकरूने विनापरवानगी केलेले पक्के बांधकाम

रत्नागिरी शहरातील आमच्या वडिलोपार्जित जांभ्याच्या घराचा रस्त्याकडचा गाळा अनेक वर्षांपासून दुकानासाठी भाड्याने दिलेला आहे. गेल्या पावसाळ्यानंतर भाडेकरूंनी आम्हाला न विचारता मधली जांभ्याची भिंत तोडून लोखंडी तुळया बसवल्या आणि त्यावर सिमेंटचा पोटमाळा घातला. पावसाची झड अडवण्यासाठी पुढे पत्रे टाकले असते तर आम्ही हरकत घेतली नसती. परंतु वरचे कौलारू छप्पर त्याच भिंतीवर टेकलेले आहे.

महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, 1999 मधील कलम 16 नुसार घरमालकाच्या लेखी संमतीशिवाय कायम स्वरूपाचे बांधकाम केल्यास न्यायालय ताबा देऊ शकते, मात्र लाकडी पार्टिशन, स्वयंपाकाचा ओटा, फॉल्स सीलिंग यांसारखी कामे त्यात धरली जात नाहीत. भाडेकरू नेमका याचाच आधार घेतात, शिवाय दिवंगत काकांनी तोंडी होकार दिल्याचे सांगतात.

अशा दाव्यात तोंडी होकाराला कितपत महत्त्व मिळते? नोटीस देण्यापूर्वी स्थापत्य अभियंत्याकडून पाहणी करून घ्यावी, की दावा दाखल करून न्यायालयामार्फत कमिशनर (जागेची पाहणी करून न्यायालयाला अहवाल देणारी व्यक्ती) नेमून घ्यावा? दरम्यान आम्ही भाडे स्वीकारत राहिल्यास संमती मानली जाईल का? अनुभवी सदस्यांनी कृपया मार्गदर्शन करावे.